वहिनीने केलेला सत्कार

माझी वहिनी, सुजाता ढोके, डॉक्युमेंटरी फिल्म करायची आणि त्याही जपानी माणसांवर. फ्रीमाँटमधल्या मराठी मंडळींना हे कधी पचलं नाही. मुलगी इंजिनिअर झाली, डॉक्टर झाली, निदान बँकेत चिकटली तर चारचौघांत सांगायला बरं पडतं. पण नागपूरहून आलेली, दोन मुलांची आई कॅमेरा खांद्यावर टाकून जपान्यांच्या शेवंतीच्या वाफ्यांतून फिरते, हे काय खूळ? दिवाळीच्या पॉटलकमध्ये काकू लोक मला बाजूला घेऊन विचारायच्या, "जपानीच का गं, नंदा?" मी एकदा म्हटलं, तुमच्यावरच करणार होती, पण तुम्ही घडीभर गप्प बसत नाही. त्यानंतर मला कुणी विचारलं नाही.

खरं कारण अगदी साधं होतं. वहिनीला बुद्धविहार हवा होता. लग्न होऊन ती बहात्तर साली दादाच्या, म्हणजे माझ्या भावाच्या, ईश्वरच्या मागोमाग कॅलिफोर्नियात आली. नागपूरला रविवारची वंदना चुकवली तर तिचे बाबा जेवायला वाढू द्यायचे नाहीत. इथे रविवार आला की तिचा जीव कासावीस व्हायचा. शेवटी दादाने टेलिफोनच्या जाडजूड डिरेक्टरीतून एक 'बुद्धिस्ट चर्च' शोधून काढलं. वहिनी पांढरी साडी नेसून गेली तर आत लाकडी बाक, कोपऱ्यात पियानो, हातात गाण्यांची पुस्तकं. तिला वाटलं, आपण भलतीकडेच शिरलो. ती मागे फिरणार तेवढ्यात एका ठेंगण्या जपानी बाईने तिचा हात धरला आणि आपल्या शेजारी बसवून घेतलं.

ती फुमिको. महायुद्धानंतर जपानला गेलेल्या एका अमेरिकन शिपायाशी लग्न करून ती इथे आली होती. शिपाई म्हणजे जॉर्ज. तो जपानी वंशाचाच, पण जन्म कॅलिफोर्नियातला. लहानपणी, जपानशी लढाई सुरू झाली तेव्हा, सरकारने त्याला घरच्यांसकट छावणीत कोंडलं होतं आणि मोठेपणी त्याच सरकारने सैन्यात घेतलं. जॉर्जची शेवंतीची नर्सरी होती. देवळातल्या महिला मंडळाची सूत्रं त्याच्या थोरल्या बहिणीकडे, तोशीकडे होती. फुमिकोचं इंग्रजी मोडकं, वहिनीचंही तेव्हा मोडकंच. दोघींचं जमलं. वहिनी तिला मावशी म्हणायला लागली आणि फुमिकोही फोन उचलल्यावर "मावशी स्पीकिंग" म्हणायची.

मी एकोणऐंशी साली इथल्या एका हॉस्पिटलच्या लॅबमध्ये नोकरीला आले आणि दादाच्या घरी राहिले. तोवर वहिनी कॉलेजात फिल्मचं शिक्षण घेऊन बसली होती. मी आल्या आल्या तिने माझ्या हातात मायक्रोफोनचा लांब दांडा दिला. दिवसभर रक्ताच्या बाटल्या आणि शनिवार-रविवार हा दांडा, असं माझं तारुण्य गेलं. तक्रार नाही. नणंद-भावजयीचं वाकडं असतं म्हणतात. आमचं तेवढ्यापुरतंच होतं की शूटिंगच्या मधे मला शिंक यायची.

पहिली फिल्म तिने फूल शेतकऱ्यांवर केली. दक्षिण अमेरिकेतून विमानाने स्वस्त फुलं यायला लागली होती आणि काचघरं एकेक करून बंद पडत होती. जिथे शेवंती होती तिथे कंप्यूटरवाल्यांची ऑफिसं उठत होती. दुसरी फिल्म फुमिकोसारख्या, लढाईनंतर शिपायांशी लग्न करून आलेल्या बायकांवर, तिसरी उन्हाळ्यात पितरांसाठी नाचणाऱ्या, पण जपानीचा एक शब्द न येणाऱ्या नातवंडांवर. इथल्या सार्वजनिक टीव्हीवर त्या दाखवल्या गेल्या. पेपरात नावही आलं.

पण वहिनीला सुख म्हणून नव्हतं. तिला मुळात अपराधी वाटून घ्यायची सवय. मुलांना सोडून गेलं की अपराधी, घरी बसलं की कामाबद्दल अपराधी. आणि सगळ्यात जास्त ज्यांची फिल्म काढली त्यांच्याबद्दल. "आपण माणसांचं सगळं घेतो गं, नंदा," ती म्हणायची. "देतो काय?" म्हणून ती लाडू करून न्यायची, प्रोजेक्टर उचलून त्यांच्या घरी नेऊन फिल्म दाखवायची, त्यांच्या आजारपणात बसायची. मी म्हणायचे, अगं, फिल्म काढलीस, खून नाही केलास. तिला ते पटायचं नाही.

एकदा काचघरात मावशी कळ्या खुडत होती. मोठं फूल हवं तर शेवंतीच्या बाजूच्या कळ्या काढाव्या लागतात. वहिनीही बाजूला बसून खुडत होती आणि आम्ही बौद्ध का झालो ते सांगत होती. आजोबा मेलेली जनावरं ओढायचे, गावाच्या विहिरीवर पाणी मिळायचं नाही, मग बाबासाहेबांनी दीक्षा दिली आणि आजोबांनी ते काम सोडलं, ते कायमचं. वहिनी हे शाळेतल्या पाढ्यासारखं घडाघडा आणि अभिमानाने सांगायची. मावशीचे हात थांबले. मग ती पुढच्या रोपाकडे वळली. काही आठवडे गेले आणि एक दिवस, आम्ही निघताना, तिने काचघराचं दार लावून घेतलं आणि म्हणाली, "माय फादर आल्सो."

जपानातही शेकडो वर्षं गावाबाहेर ठेवलेले लोक होते, हे मला तेव्हा कळलं. कातडी कमावणं, जनावरं कापणं ही कामं त्यांची. दिसायला, बोलायला, धर्माने इतरांसारखेच, पण वस्तीचं नाव कळलं की समोरचा माणूस दोन पावलं मागे सरकायचा. कायद्याने तो भेद मिटून शंभर वर्षं झाली होती, तरी लग्न ठरवताना चौकशा चालूच होत्या. मावशीचं गाव लढाईत जळून गेलं आणि त्या गोंधळात तिला कुणी काही विचारलं नाही. जॉर्जला माहीत नव्हतं. मुलगी कॅरन, तिलाही नाही. तोशीला तर नाहीच नाही. इतक्या वर्षांत हे तिने फक्त वहिनीला सांगितलं होतं आणि माझ्या हातात त्या दिवशी दांडा नव्हता म्हणून मलाही.

चौऱ्याऐंशी साली वहिनीला जपानला जायची ग्रँट मिळाली. ओसाकाजवळच्या अशाच एका वस्तीत ती राहिली. तिथे चळवळ होती, मोर्चे होते, पोरं सभेत उभी राहून मी कुठल्या वस्तीतला ते बेधडक सांगत होती. वहिनीला वाटलं, आपण नागपुरातच आहोत. ती परत आली ती पेटूनच. म्हणाली, मावशीला एकदा तरी हे मोकळेपणाने बोलता आलं पाहिजे.

फिल्मसाठी तिने मावशीला विचारलं, आणि एकदा नाही, कितीदा तरी. मावशी हो म्हणाली, पण चेहरा नको, आवाज नको, गावाचं नाव नको. वहिनीने सगळं पाळलं. फक्त मातीने भरलेले हात दाखवले, मजकूर दुसऱ्या बाईच्या आवाजात वाचून घेतला. मी स्वतः ऐकून खात्री केली. त्या फिल्ममधून मावशीला तिच्या नवऱ्यानेही ओळखलं नसतं. हे मी मुद्दाम सांगते, कारण पुढे लोक म्हणायचे की फिल्मने घात केला. फिल्मने काही केलं नाही.

शहाऐंशी सालची बाबासाहेबांची जयंती. आमच्या लोकांनी फ्रीमाँटला एका कम्युनिटी सेंटरचा हॉल घेतला होता. सॅक्रामेंटोपासून सॅन होजेपर्यंतची बौद्ध कुटुंबं आली होती. वडा-भात होता, पाटोडीचा रस्सा होता, मुलं खुर्च्यांखालून पळत होती. भाषणं झाल्यावर वहिनीची नवी फिल्म दाखवायची होती. मावशीला ती आमच्या लोकांबरोबर बसून बघायची होती, म्हणून तिला बोलावलं. मावशी ड्राइव्ह करत नसे. तिला तोशी घेऊन आली. भारतातले बौद्ध काय खातात हे तिला बघायचं होतं. वहिनीने दारातच दोघींचं स्वागत केलं, पुढच्या रांगेत बसवलं. तोशी कोण आहे हे वहिनीला पुरतं ठाऊक होतं.

फिल्म संपली. दिवे लागले. मागे एक आजी पदराने डोळे पुसत होत्या. आमचे अध्यक्ष लहूकाका उठले, घसा खाकरून म्हणाले की ही बाई कुठल्या का देशाची असेना, आपली बहीण आहे, तिच्यापर्यंत आमचा जयभीम पोचवा. वहिनी समोर उभी होती. तिचे डोळे भरले होते. इतकी वर्षं जे देणं आपल्यावर आहे असं तिला वाटायचं, ते द्यायची वेळ आली असं तिला वाटलं असणार. ती म्हणाली, "काका, पोचवायला कशाला पाहिजे? त्या इथेच बसल्यात."

आता आपल्याकडे सत्काराशिवाय कार्यक्रम सुटत नाही. पाहुण्यांसाठी आणलेली एक शाल उरलेली होतीच. पुष्पगुच्छही होता, आणि तोही मावशीच्याच नर्सरीतून आणलेला. लहूकाकांनी शाल उघडली. इथपर्यंत सगळं मराठीत चाललं होतं, आणि मराठीत थांबलं असतं तरी निभावलं असतं. पण आमच्या इथे जन्मलेल्या मुलांना मराठी कळत नाही, म्हणून प्रत्येक गोष्ट एकदा इंग्रजीत सांगायची आमची रीत आहे. वहिनीने माइक घेतला आणि मुलांकडे बघून इंग्रजीत सगळं सांगितलं. फिल्ममधल्या त्या बाई म्हणजे आपल्या फुमिकोआजी, त्यांचे वडील जपानमधले अस्पृश्य होते, आणि आज त्या न घाबरता आपल्यात आल्या आहेत.

सगळा हॉल उभा राहिला. जयभीमचा गजर झाला. मावशी अंगावर शाल घेऊन वाकून नमस्कार करत होती, पुन्हा पुन्हा, सगळ्या दिशांना. लोकांना वाटलं, भारावली. मी तोशीकडे बघत होते. ती एकटीच बसून होती. मांडीवर पर्स होती आणि तिचा बंद ती नीट सरळ करत होती. मग तीही उठली, हसली, आणि सगळ्यांबरोबर टाळ्या वाजवल्या. जाताना तिने वडा-भात फार छान होता असं सांगितलं.

घरी येताना मी वहिनीला विचारलं, तोशीला माहीत नव्हतं ना? वहिनीने माझ्याकडे बघितलं आणि तिचा चेहरा एकदम उतरला. तिला कुणी फसवलं नव्हतं, भाग पाडलं नव्हतं. जे तिला माहीत होतं ते त्या पाच मिनिटांत तिच्या डोक्यातून गेलं होतं, एवढंच. दादा म्हणाला, तोशी शिकली-सवरलेली बाई आहे, अमेरिकेत जन्मलेली आहे, ती काय करणार आहे? शिकली-सवरलेली माणसं काय करतात हे दादाला त्याच्या नागपूरच्या कॉलेजातून आठवायला हवं होतं.

तोशीने काहीच केलं नाही. जॉर्जला सांगितलं नाही, कॅरनला सांगितलं नाही. घराण्याची अब्रू तिलाही प्यारी होतीच. उन्हाळ्यात देवळाचा बाजार भरतो. त्यासाठी महिला मंडळ तळघरातल्या स्वयंपाकघरात भाताच्या वळकट्या, म्हणजे सुशी, करतं. वळकट्या मावशी करायची, आम्ही बघतोय तेव्हापासून. त्या वर्षी मी आणि वहिनी मदतीला गेलो. मावशीने एप्रन बांधला, हात धुतले आणि भाताच्या परातीशी आली. तोशीने तिच्या खांद्यावर हात ठेवला आणि गोड आवाजात सांगितलं की इतकी वर्षं केलंस, आता दमलीस, तू बाहेर कुपनांच्या टेबलावर बस. बाकीच्या बायका खाली बघून काम करत राहिल्या. म्हणजे घरात नाही, पण मंडळात तोशी बोलली होती. मावशीने एप्रन सोडला, घडी घातली आणि बाहेर गेली. तिने घरून आणलेले गोड पदार्थ दुपारीही टेबलाच्या टोकाला तसेच झाकलेले होते.

कुणी वाईट शब्द उच्चारला नाही. पण हे ओळखायला आम्हाला शिकवणी लावायची गरज नव्हती. मला वाटलं, आता वहिनी भांडणार. नागपूरची वहिनी असती तर परात उलथून टाकली असती. तिने फक्त आपला एप्रन काढला. भांडली असती तर उरलंसुरलं झाकणही उडालं असतं, आणि ते कुणावर पडलं असतं हे तिला समजत होतं.

दुसऱ्या दिवशी ती माफी मागायला गेली. मला सोबत नेलं. मावशी काचघरात होती. वहिनीने वाकून मावशीच्या पायांना हात लावला, रडली. मावशीने तिला उठवलं, पाणी दिलं. मग हळूहळू, शब्द शोधत बोलली. तिच्या मोडक्या इंग्रजीचा अर्थ असा होता: "फिल्मच्या आधी तू मला विचारलंस. पुष्कळदा विचारलंस. शालीच्या आधी नाही विचारलंस."

वहिनी म्हणाली, मला वाटलं, आमच्यासारखंच तुम्हालाही मोकळं वाटेल.

"तू सांगतेस तेव्हा हॉलभर माणसं उभी राहतात," मावशी म्हणाली. "मी सांगते तेव्हा मी एकटी असते."

मग मावशीने एक मागणं मागितलं. यापुढे देवळात येऊ नकोस, घरी येऊ नकोस, बाजारात दिसले तर हात हलवू नकोस. राग नाही. पण तू शेजारी दिसलीस की त्यांना ते आठवतं. नाही दिसलीस तर हळूहळू विसरतील, निदान विसरल्यासारखं करतील. आमच्या घराण्यात किती पिढ्यांना दूर उभं राहायला सांगितलं गेलं असेल, पण वहिनीला ते तिच्या जिवाच्या माणसाने सांगितलं, आणि ते मावशीच्या भल्यासाठी होतं. वहिनी हो म्हणाली.

टीव्हीवाल्यांनी फिल्म मागितली होती. वहिनीने एडिटिंगच्या टेबलाशी बसून मावशीचा सगळा भाग स्वतःच्या हाताने कापून काढला. दादा भयंकर चिडला. तो म्हणाला, हे कापलंस म्हणजे तोशीचं खरं मानलंस. मलाही राग आला होता, पण वेगळ्या कारणाने. बैल गेला आणि झोपा केला, असं मी तिला तोंडावर बोलले. ती म्हणाली, "माहीत आहे. तरी करू दे." उरलेली फिल्म पोकळ झाली आणि टीव्हीवाल्यांनी ती परत पाठवली.

त्यानंतर तिने आणखी दोन फिल्म केल्या. छावण्यांत कोंडलेल्या जपानी लोकांची सरकारने अठ्ठ्याऐंशीत माफी मागितली, त्यावरची तर खूप गाजली. पण ती आता माणसांना इतकं विचारून घ्यायची की ती माणसंच कंटाळायची. एका म्हाताऱ्याने शेवटी विचारलं, "लेडी, तुला फिल्म काढायची आहे की नाही?" रविवारी ती घरीच वंदना म्हणायची. मावशी मात्र देवळात जात राहिली. कुपनांच्या टेबलावर दोन उन्हाळे बसल्यावर तिला पुन्हा आत बोलावलं, असं आम्हाला उडत उडत कळलं. भाताला हात लावू दिला की भांडी घासायला, ते कळलं नाही.

एकोणनव्वदच्या शेवटी जॉर्ज वारला. बातमी पेपरात वाचली. वहिनी दोन दिवस घरात येरझाऱ्या घालत होती. शेवटी म्हणाली, आत जाणार नाही, बाहेर बसते. मी गाडी काढली. देवळासमोर रस्त्याच्या पलीकडे आम्ही गाडीत बसलो. आतून घंटेचा आवाज आला. माणसं येत-जात होती. वहिनी पांढऱ्या साडीत, मांडीवर हात ठेवून बसली होती.

विधी आटोपल्यावर एक तरुणी रस्ता ओलांडून आमच्याकडे आली. काळा ड्रेस, डोळे सुजलेले. कॅरन होती. मी काच खाली केली. ती वहिनीला म्हणाली, "मॉम खिडकीतून तुम्हाला बघत होती. तिने मला पाठवलं. आत न आल्याबद्दल तिने तुम्हाला थँक यू सांगितलंय." हे सगळं इंग्रजीत, आणि सांगताना तिलाच ते विचित्र वाटत होतं.

वहिनीने मान हलवली. कॅरन गेली नाही. गाडीच्या दाराला धरून तिने विचारलं की तुम्ही लहानपणी मला फिरवायचात, आमच्या घरी जेवायचात, मग एकदम येणं बंद का झालं? आईला विचारलं तर ती विषय बदलते. तुमचं भांडण झालं का?

"नाही. भांडण नाही," वहिनी म्हणाली. "चूक माझी होती."

"कसली चूक?"

सगळ्या जगाला बोलतं करणाऱ्या माझ्या वहिनीला खोटं बोलणं कधी जमलं नाही. ती म्हणाली, "ते मी सांगायचं नाही. तुझ्या आईला वाटेल तेव्हा तिच्याकडूनच ऐक."

कॅरनने तिच्याकडे नीट बघितलं. "म्हणजे आईने मला सांगण्यासारखं काहीतरी आहे," ती सावकाश म्हणाली. मग वळली आणि भराभर रस्ता ओलांडून आईकडे गेली.

वहिनीने दाराच्या मुठीला हात घातला, पण दार उघडलं नाही.

"नंदा," ती म्हणाली, "मी परत तेच केलं का गं?"

'नाही' असं मी म्हणाले नाही.